उन्हात घातलेला रेनकोट

मित्रांनो, मी एक जुना रेनकोट आहे. पोलिसाच्या अंगावरचा. मूळचा माझा रंग गडद निळा. आता कोपरांवर आणि पाठीवर राखाडी पडलो आहे, आतलं रबर पापुद्रे सुटल्यासारखं निघतं. मला पाहून तुम्ही म्हणाल, याने पुष्कळ पाऊस सोसला असणार. सोसला, आणि त्याचा मला अभिमानच आहे. पण पाऊस नसताना, लख्ख उन्हात मला घातलं गेलं, ती गोष्ट मला सांगायची आहे. ती आठवली की आजही माझी मान, म्हणजे कॉलर, आपोआप आत वळते.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. मशीनने माझे टाके घातले आणि टाक्यांच्या भोकांतून पाणी झिरपू नये म्हणून आतून पट्ट्या चिकटवल्या. माझ्यासारख्याच कोटांच्या गठ्ठ्यात बांधला जाऊन मी ट्रकने जिल्ह्याच्या ठिकाणी, ओरोसला आलो. तिथे नव्याने भरती झालेल्या पोलिसांना साहित्य वाटत होते. एका किडकिडीत तरुणाने मला उचललं, अंगात घातलं आणि आरशात बघून स्वतःशीच हसला. त्याचं नाव गुरुदास धुरी. मालवणपासून आत, कट्ट्याच्या पुढच्या एका वाडीतला. त्याच्या खांद्यांवर मी खुंटीवर टांगल्यासारखा लोंबत होतो. पण पुढे ते खांदे भरले आणि मी त्याला अगदी बेताचा बसू लागलो.

पहिल्या पावसाळ्यात त्याची नेमणूक इन्सुलीच्या अलीकडे हमरस्त्यावर उभारलेल्या एका नाक्यावर झाली. गोव्याहून येणारे टेंपो, ट्रक थांबवायचे, ताडपत्री वर करून बघायची. मासळीच्या टोपल्यांखाली कुणी दारूच्या बाटल्या लपवल्या असतील तर त्या शोधायच्या. काम सोपं वाटतं, पण सिंधुदुर्गातला पाऊस तुम्हाला ठाऊक आहे. तिथे उभं राहणारा माणूस दिवसभर भिजतो.

त्याच नाक्यावर नम्रता सातार्डेकर नावाची एक शिपाई होती. गुरुदासच्या वर्षभर आधी ती नोकरीला लागली होती. पहिल्या दिवशी ती छत्री घेऊन उभी होती.

"तुजो कोट खंय?" गुरुदासने विचारलं.

"आमका गावाक नाय. आमची पदां तात्पुरती. तात्पुरत्यांका कोट देणत नाय."

"छत्री धरून ट्रक कसो थांबवतलंस?"

"दुसऱ्या हातान," ती म्हणाली आणि खरंच दुसरा हात वर करून तिने एक ट्रक थांबवला.

तात्पुरतं पद म्हणजे काय, ते सांगतो. सरकार काही जागा ठरावीक मुदतीसाठी मंजूर करतं. मुदत संपली की कागद वर जातो, मुदत वाढून खाली येतो. नम्रताने भरतीची परीक्षा तीच दिली होती. मैदानावर ती तेवढीच धावली होती, प्रशिक्षणही तेच घेतलं होतं. काम तेच, धोकाही तोच. फक्त तिची जागा कागदावर तात्पुरती होती.

गुरुदासने मला अंगातून काढलं आणि तिच्या हातात दिलं. "ह्यो घे. अर्धो दिवस तुजो, अर्धो माजो."

अशी ती दोघं मला वाटून घेऊ लागली. मित्रांनो, रेनकोटाला आपलं माणूस कोण ते कळतं. माझी तेव्हा दोन माणसं होती. दोघंही मला दोरीवर उलटा टांगून वाळवत, बाह्या आतून बाहेर काढत. माझ्या आयुष्यातले ते सगळ्यांत चांगले दिवस.

एकदा नदीला पूर आला. दुपारची वेळ होती. खालच्या पुलावरून पाणी जाऊ लागलं होतं आणि समोरून प्रवाशांनी भरलेली एसटी येत होती. त्या वेळी मी नम्रताच्या अंगावर होतो. ती रस्त्याच्या मधोमध जाऊन उभी राहिली. ड्रायव्हरने हॉर्न दाबून धरला, ती हलली नाही. गाडी थांबली तशी आतली माणसं तिच्यावर ओरडू लागली. कुणाला लग्नाला जायचं होतं, कुणाला दवाखान्यात. ती फक्त पुलाकडे बोट दाखवत राहिली. थोड्याच वेळात पुलाचा कठडा पाण्याने असा उचलला की जणू काडीच. मग गाडीतलं कुणी ओरडलं नाही.

साहेबांनी नाक्याचं कौतुक केलं. फलकावर नावं लागली, त्यात गुरुदासचं होतं. नम्रताचं नव्हतं, तात्पुरत्या पदांवरच्या माणसांची नावं कुणी घेतलीच नाहीत.

"सायबांक सांगतंय मी. बस तुया थांबवलंस," गुरुदास तिला म्हणाला.

"नाव रवांदे. माणसां वाचली मां?"

तो सांगणार होता. मग बदली झाली, मग लग्न झालं, आणि ते राहून गेलं.

बरीच वर्षं गेली. गुरुदास हवालदार झाला, त्याच्या बाहीवर तीन फिती आल्या. नम्रताचं पद पुढे कायम झालं, पण तात्पुरत्या पदावरची तिची सगळी वर्षं सेवाज्येष्ठतेत धरली गेली नाहीत. कागदावर ती गुरुदासच्या मागे पडली. गुरुदासला नवे कोट मिळाले, तरी जोराच्या पावसात तो मलाच काढायचा. नवे कोट पातळ असतात, असं तो म्हणायचा.

मग त्याने खात्याची परीक्षा दिली आणि त्याला बढती मिळाली. फौजदार. खांद्यांवर दोन-दोन तारे. हुकमात मात्र एक ओळ होती: ही पदोन्नती तात्पुरती असून न्यायाधिकरणातील प्रलंबित अर्जाच्या निकालाच्या अधीन राहील. ती ओळ त्याने ठाण्यात वाचली, कागद घडी करून माझ्या आतल्या खिशात ठेवला आणि घरी येऊन ओरडला, "आये, मी फौजदार झालंय!"

त्याची आई हौसाबाई तशीच पदर खोचून निघाली आणि तिने सगळ्या वाडीत गुळाचं खाजं वाटलं. देवळाच्या मांडवात सत्कार झाला. रस्त्याला फलक लागला, त्यावर गुरुदासचा टोपी घातलेला फोटो. त्याची मुलगी भक्ती तेव्हा सातवीत होती. शाळेत तिची ओळखच फौजदाराचं चेडू, म्हणजे लेक, अशी झाली. 'तात्पुरती' हा शब्द घरात कुणाला कळला नाही. तो माझ्या खिशात होता.

तो प्रलंबित अर्ज नम्रताचा होता. तिचं म्हणणं एवढंच होतं: मी नियमाने निवडली गेले, नियमाने काम केलं, मग माझी ती वर्षं कुठे गेली? ती धरली तर मी धुरींच्या वर येते. जागा एकच होती. म्हणून गुरुदासलाही त्या खटल्यात उत्तर द्यावं लागणार होतं.

कुडाळला वकिलाकडे तो मला घालूनच गेला. बाहेर धो धो पाऊस. वकिलांनी त्याला बसवलं, मला खुर्चीच्या पाठीवर टाकलं.

"मुद्दा एकच आहे," वकील म्हणाले. "त्या काळात बाई नेमकं काय काम करत होत्या? तुमच्यासारखंच, की नुसत्या मदतीला? तुम्ही सोबत होतात म्हणता. तुमच्या शब्दाला वजन आहे."

 खालच्या फरशीवर माझं पाणी ठिबकत होतं.

"धुरी, उत्तर द्या. मदतीला होत्या, असं म्हणता येईल ना?"

"येईल," गुरुदास म्हणाला. मग माझी ओली बाही बाजूला सारत, "तसंच लिहा."

वकिलांनी लिहिलं: अर्जदार या केवळ मदतनीस म्हणून हजर असत, वाहने थांबवण्याची व तपासण्याची प्रत्यक्ष जबाबदारी त्यांच्यावर नव्हती. गुरुदासने शपथेवर सही केली. मला तोंड असतं तर मी त्या खुर्चीवरून ओरडलो असतो. तिने मला घालून किती गाड्या अडवल्या, ते माझ्या शिवणींना विचारा. पण कोटाला कोण विचारतो? बाहेर पडताना त्याने मला अंगात घातलं, तेव्हा त्याचे हात बाहीत अडकत होते.

घरी त्याने वेगळंच सांगितलं. "एक बाई माज्या जाग्यावर टपलीहा. कोर्टात गेलीहा." हौसाबाईला एवढं पुरे होतं. दुसऱ्याच दिवशी ती ग्रामदेवतेला गेली आणि तिने गुरवाला देवीपुढे गाऱ्हाणं घालायला लावलं, की माझ्या झिलाच्या ताटात जी माती कालवते तिचं वाटोळं होऊ दे. देवळाच्या पायरीवर गुरुदास उभा होता, मी त्याच्या अंगावर ओलाचिंब. जमलेल्या माणसांनी 'व्हय म्हाराजा' म्हटलं. गुरुदासनेही नुसते ओठ हलवले.

श्रावणात निकाल लागला. त्याचा शब्द टिकला नाही. नेमणुकीची कागदपत्रं नम्रताच्या बाजूने बोलली. तिची वर्षं धरली गेली, ती वर आली. गुरुदासला पुन्हा हवालदार केलं गेलं. त्याने ठाण्यातल्या कोपऱ्यात जाऊन स्वतःच तारे काढले. नम्रता त्याच ठाण्यात फौजदार म्हणून, त्याच्याच टेबलावर आली. तो तिला मॅडम म्हणू लागला, ती त्याला धुरी. कामापलीकडे शब्द नाही. गुरुदासच्या वकिलांनी वरच्या कोर्टात अपील दाखल केलं. त्यातही तेच शपथेवरचं उत्तर जोडलेलं होतं.

आणि घरी? घरी त्याने काहीच सांगितलं नाही. विचारलं की म्हणे, केस अजून चालू आहे.

पाऊस होता तोवर कुणाला कळण्याचं कारण नव्हतं. सकाळी तो आतल्या खोलीत वर्दी चढवी, तिथेच माझी सगळी बटणं गळ्यापर्यंत लावी आणि मोटारसायकलवर बसे. माझ्याखाली तारे आहेत की नुसत्या फिती, हे बाहेरून दिसत नाही. गणपती गेले, दसरा गेला. पाऊस थांबला. ऑक्टोबरचं ऊन असं पडलं की अंगणातली माती भाजत होती. तरी तो मला घालायचा. आत त्याच्या घामाच्या धारा लागत. मी पावसाचं पाणी बाहेर ठेवायला शिकलो होतो; आता हे आतलं पाणी माझ्याने धरवत नव्हतं.

"मेल्या, पावस खंय आसा?" हौसाबाई विचारी.

"वाटेत गावता, आये."

त्याची बायको शर्मिला कपडे धुवायची, तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. एकदा तिने मला खुंटीवरून काढलं, वास घेतला आणि हळूच म्हणाली, "किती दिवस घालतलास ह्यो? सांगा आयेक. तारे गेले म्हणून कोणाचो जीव जाणा नाय."

"सांगतंय," तो म्हणाला. ते त्याने कितीदा म्हटलं असेल.

त्याच महिन्यात भक्तीच्या शाळेने रस्ता सुरक्षेचा कार्यक्रम ठेवला आणि ठाण्याला पत्र पाठवलं. ठाण्यातून नम्रताची नेमणूक झाली, सोबत हवालदार धुरी. त्याने ड्यूटी बदलून मागितली, मिळाली नाही. तो मला घालून जीपमध्ये मागे बसला.

"धुरी, कोट?" नम्रताने समोर बघतच विचारलं.

"अंगात कणकण आहे, मॅडम."

तिने जीप सोडायला सांगितली.

शाळेच्या पटांगणात मांडव होता. वाडीतली बरीच माणसं आली होती, कारण फौजदार आपला. पहिल्या रांगेत हौसाबाई नवं लुगडं नेसून बसलेली. मुलांमध्ये भक्ती, दोन्ही बाजूंच्या मैत्रिणींना काहीतरी सांगत होती. व्यासपीठावर मधे एक मोठी लाकडी खुर्ची आणि बाजूला प्लास्टिकची. शाळेतल्या बाईंनी माईक घेतला: "आपल्या वाडीचे सुपुत्र, फौजदार श्री. गुरुदास धुरी साहेब आज आपल्यात आले आहेत." टाळ्या. गुरुदासला मोठ्या खुर्चीवर बसवलं गेलं. नम्रताला म्हणाले, "मॅडम, तुम्ही इकडे बसा." तिच्या खांद्यांवर तारे होते. पण तारे कोण मोजतो? लोक ओळखीचा चेहरा बघतात.

मला वाटलं, आता ती बोलेल. तिला एक शब्द पुरे होता. ती प्लास्टिकच्या खुर्चीवर बसली आणि समोर मुलांकडे बघत राहिली.

नारळ दिला गेला. प्रास्ताविक झालं. मग बाई म्हणाल्या, "कुणाला साहेबांना प्रश्न विचारायचाय?"

पहिलीदुसरीतलं एक पोर उठलं. "काका, पाऊस नाय तर रेनकोट कशाला घातला?"

सगळा मांडव हसला. हौसाबाईसुद्धा हसली. गुरुदास हसायला गेला, पण तोंड नुसतं उघडंच राहिलं.  तो उभा राहिला. एक-एक बटण काढू लागला. बोटं ओली होती, निसटत होती. शेवटचं बटण निघालं आणि त्याने मला खुर्चीवर टाकलं. घामाने वर्दी अंगाला चिकटलेली. खांदे रिकामे, बाहीवर तीन फिती.

"मी फौजदार नाही," तो माईकवर म्हणाला. "होतो. तात्पुरता. आता हवालदार आहे. फौजदार या आहेत, सातार्डेकर मॅडम. ही खुर्ची त्यांची."

 तो खाली बसेल असं वाटलं, पण तो तसाच उभा राहिला. मग आईकडे बघून त्याची भाषा बदलली.

"आये, हेंचा काय चुकला नाय. नाक्यार आमी बरोबरीन काम केला. पुराच्या येळी बस हेंनीच थांबवल्यानी, नाव माजा लागला. आणि कोर्टात मी शपथेर सांगलंय की ह्ये नुसते मदतीक होते. ता खोटा होता. माका म्हायत होता खोटा आसा ता."

नम्रताकडे वळून त्याने कडक सॅल्यूट केला. तिने नियमाप्रमाणे तो घेतला. मग ती उठली, माईकपाशी आली, मोठ्या खुर्चीकडे तिने बघितलंही नाही.

"मुलांनो," ती म्हणाली, "रस्ता ओलांडताना आधी कुठे बघायचं?"

 मग मागून एक बारीक आवाज आला, "उजवीकडे." आणि तिने पुढचा सगळा कार्यक्रम नीट, एकही गोष्ट न गाळता पार पाडला. भक्ती मात्र मान खाली घालून बसली होती. तिच्या मैत्रिणी जरा बाजूला सरकल्या होत्या.

जीपमध्ये बसताना नम्रता म्हणाली, "धुरी, तो कोट मागे टाका. वास येतोय."

मी स्टेपनीच्या चाकावर जाऊन पडलो. खोटं नव्हतं ते. मला वास येतच होता.

ठाण्याच्या आवारात उतरल्यावर गुरुदास तिच्यापुढे उभा राहिला. "नम्रता, माका माफ कर," एवढंच म्हणाला.

तिने आजूबाजूला पाहिलं. कुणी नव्हतं. "तुजा ता उत्तर वाचलंय तेव्हा माका केस हरूची भीती वाटाक नाय," ती म्हणाली. "तुजो शब्द आसा, हेचाच वायट वाटला. माफीचा मागसून बघूया. आदी अपिलाचा काय करतलंस, ता सांग."

संध्याकाळी घरी हौसाबाई पडवीत बसलेली होती. गुरुदास तिच्या पायापाशी बसला. तिने पाय जवळ ओढून घेतले. मग म्हणाली, "तारे गेले तेची माका लाज नाय रे. तुजो बापूस खंय फौजदार होतो? पण देवासमोर माज्या तोंडान त्या चेडवाचा वाटोळा मागूक लावलंस. तू थंयच उभो होतंस. तेव्हा तरी बोलाचा मां?"

 मी पडवीच्या खुंटीवर होतो. त्या दिवशी पायरीवर मीही होतो.

दुसऱ्या दिवशी तो कुडाळला गेला, या वेळी साध्या शर्टात. मला त्याने पिशवीतून नेलं होतं, वाटेत धुवायला टाकण्यासाठी. वकिलांना म्हणाला, अपील मागे घ्या.

"वेडे आहात का? आपली बाजू चांगली आहे. जिंकाल."

"जिंकेन, याचीच भीती वाटते."

"आणि खोटं लिहिलं म्हणून कबुली दिलीत, तर खात्याची चौकशी लागेल. कळतंय ना?"

"कळतंय. लिहा."

अपील मागे घेतलं गेलं. चौकशीही लागली आणि त्याची एक वेतनवाढ थांबली. बढतीची पुढची संधी लांब गेली. ठाण्यात तो नम्रताच्या हाताखालीच काम करतो. कधी एखाद्या बंदोबस्तात ती त्याला 'गुरुदास' म्हणून हाक मारते, कधी 'धुरी'. कोणती हाक येईल हे त्याला आधी कळत नाही. भक्ती त्याच्याशी बोलते, पण शाळेत पालकांना बोलावलं की ती आईला घेऊन जाते. तो दारात उभा राहून त्यांना जाताना बघतो आणि मग आत येतो.

मित्रांनो, आता मी थकलो आहे. मला धुतलं गेलं, शर्मिलाने उन्हात वाळवलं, पण तो आतला वास पुरता गेलेला नाही. माझी तुम्हाला एवढीच विनवणी आहे. रेनकोट वापरा तो पावसात. पाऊस थांबला की लगेच काढा, उलटा करा, आतली बाजू उन्हाला दाखवा. तसाच घडी घालून ठेवलात तर वरून महिनोन् महिने चांगला दिसतो, आणि आत बुरशी धरते. एकदा धरलेली बुरशी घासून निघते, पण डाग राहतात. माझ्या आत हात घालून बघा, तुमच्या बोटांना ते लागतील.